‘फाल्यां येयात’ (उद्या या) पासून हुकूमनाम्यापर्यंत: वीज-पाण्याच्या कार्यालयात अडकलेले बिल कसे वसूल करावे

“बिल वर गेलंय, चवथीच्या आधी होऊन जाईल.” हे वाक्य पहिल्यांदा ऐकले तेव्हा मी खूष होऊन घरी आलो. कुठल्या वर्षाची चवथ, हे विचारायचे राहून गेले.

कुंडईच्या औद्योगिक वसाहतीत माझे फॅब्रिकेशनचे छोटे युनिट आहे. खांबांचे क्लॅम्प, क्रॉस-आर्म, मीटरच्या पेट्या असला माल आम्ही करतो. लोकांना अत्यावश्यक सेवा पुरवणाऱ्या एका सरकारी कार्यालयाला, त्याचे नाव इथे नको, ४ लाख ८६ हजारांचा माल दिला आणि पुढची अडीच वर्षे तिथल्या बाकावर चहा पीत काढली. शेवटी वकिलांनी डायरी उघडून दिवस मोजले तेव्हा दावा लावायला जेमतेम पाच महिने उरले होते. त्या पाच महिन्यांत जे धावतपळत शिकलो, ते नव्या पुरवठादारांसाठी क्रमाने लिहितो.

१. पैसे नेमके कोणाकडे थकले आहेत?

प्रश्न बाळबोध वाटतो, पण पहिली चूक इथेच होते. महाराष्ट्रात वीज देणारी महावितरण ही कंपनी आहे. गोव्यात वीज देते ते राज्य सरकारचे खाते. खात्याला कायद्याच्या नजरेत स्वतंत्र अस्तित्व नसते. त्यामुळे दाव्यात प्रतिवादी म्हणून नुसते ‘कार्यकारी अभियंता’ लिहून भागत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ७९ प्रमाणे प्रतिवादी ‘गोवा राज्य’ असते आणि ते बहुधा मुख्य सचिवांमार्फत दाखवतात. महामंडळांचे तसे नाही. सांडपाण्याचे जाळे पाहणारे महामंडळ किंवा बसगाड्या चालवणारे कदंब महामंडळ या कंपन्या आहेत. त्यांच्यावर त्यांच्याच नावाने दावा लागतो.

ओळखायचे कसे? पुरवठा आदेशाच्या शेवटी सहीच्या वर काय छापले आहे ते वाचा. ‘गोव्याच्या राज्यपालांच्या वतीने’ असे असेल तर समोर सरकार आहे. पुढची नोटीस, तिची मुदत, अगदी शेवटची जप्तीसुद्धा या एका ओळीवर ठरते.

आता एक नाजूक गोष्ट. “साहेबांनी फोन केला, लाइन पडली होती, म्हणून माल टाकला, ऑर्डर मागाहून येणार होती.” पावसाळ्यात असे सर्रास होते. राज्यघटनेच्या कलम २९९ प्रमाणे सरकारचा करार राज्यपालांच्या नावाने आणि अधिकार असलेल्या माणसाच्या सहीनेच व्हावा लागतो. फोनवरचा शब्द म्हणजे करार नव्हे. तरीही सगळे गेले असे समजू नका. करार कायद्याच्या कलम ७० खाली, फुकट देण्याचा हेतू नसताना दिलेला माल समोरच्याने ठेवून घेतला आणि वापरला, तर त्याचा मोबदला मागता येतो. फक्त मग दर आणि वापर हे दोन्ही तुम्हालाच सिद्ध करावे लागतात. म्हणून फोन आला तर माल जरूर द्या, पण त्याच दिवशी “आपल्या दूरध्वनीवरील सूचनेनुसार” अशी सुरुवात करून ई-मेल टाका.

२. तीन वर्षांचे घड्याळ

मुदत कायदा, १९६३ प्रमाणे मालाच्या किमतीसाठी दावा तीन वर्षांत लावावा लागतो. उधारीचा कालावधी ठरलेला नसेल तर ही तीन वर्षे माल पोचवल्यापासून मोजतात. ठरलेला असेल, समजा बिलानंतर ३० दिवस, तर तो संपल्यापासून. बिल ‘वर’ गेले, ‘खाली’ आले, साहेब रजेवर गेले, निवडणुकीची आचारसंहिता लागली, यातल्या कशानेही हे घड्याळ थांबत नाही.

ते नव्याने सुरू करणाऱ्या गोष्टी दोनच. पहिली, मुदत संपण्याआधी समोरच्याने सही करून दिलेली देण्याची लेखी कबुली (कलम १८). दुसरी, त्याच मुदतीत आलेली अर्धीमुर्धी रक्कम, जिची नोंद देणाऱ्याच्या अक्षरात किंवा सहीनिशी आहे (कलम १९). म्हणजे कार्यालयात गेल्यावर पैसे मागण्याइतकेच महत्त्वाचे आहे ते पत्र मागणे. “आपले अमुक क्रमांकाचे बिल निधीअभावी प्रलंबित आहे” एवढी एक ओळ, जावक क्रमांक, सही. हे लिहून द्यायला अधिकारी सहसा कां-कूं करत नाहीत, कारण दोष निधीवर जातो. माझ्याकडे असले पत्र नव्हते. चहाच्या कपांना पुराव्यात स्थान नाही.

गोव्यात आणखी एक गैरसमज अजून भेटतो: “आपल्याकडे पोर्तुगीज कायदा चालतो, मुदत भरपूर असते.” ती समजूत सोडा. सिंडिकेट बँकेच्या एका खटल्यात २००१ साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की गोव्यातही १९६३ चा मुदत कायदाच लागू होतो, पोर्तुगीज नागरी संहितेतली मुदत नव्हे.

अनामत रक्कम आणि रोखून ठेवलेली टक्केवारी यांची तारीख बिलाच्या तारखेपेक्षा वेगळी असते. हमीचा काळ संपला की ती परत मिळायला हवी. तिचा वेगळा हिशेब ठेवा.

३. कागद जमवणे

खटला जिंकला की हरला ते बहुतेक वेळा फाइल उघडल्यावरच कळते. निविदा, पुरवठा आदेश आणि त्याच्या अटी, तपासणीचा अहवाल, डिलिव्हरी चलन, भांडाराची पावती, बिल आणि बिलाच्या प्रतीवर आवक शिक्का, हे सगळे एका फाइलमध्ये तारखेप्रमाणे लावा. चलनावर नुसता गिचमिड सहीचा फराटा नको. नाव, हुद्दा, शिक्का घ्या. भांडारातला माणूस बदलून काणकोणला गेला की ती सही कोणाची हे ओळखणारे कोणी उरत नाही.

जीएसटीचा इथे एक अनपेक्षित उपयोग होतो. करार अडीच लाखांच्या वर असेल तर सरकारी ग्राहक पैसे देताना २ टक्के जीएसटी टीडीएस कापतो आणि ते तुमच्या पोर्टलवर दिसते. अर्धे बिल दिले असेल तर ती नोंद काढून ठेवा. ती देण्याची कबुली ठरत नाही, पण “माल मिळालाच नाही” म्हणणाऱ्याची पंचाईत करते. (पैसे न मिळताच आपण जीएसटी मात्र आपल्या खिशातून भरलेला असतो, ही जखम वेगळी.)

व्हॉट्सॲप आणि ई-मेल पुरावा म्हणून चालतात. मात्र १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालील प्रमाणपत्र जोडावे लागते. फोन बदलण्याआधी हे करून घ्या.

फाइल नेमकी कुठे अडली हे कळत नसेल तर माहिती अधिकाराचा अर्ज टाका. ३० दिवसांत उत्तर देणे बंधनकारक आहे. बिलावरच्या टिप्पण्यांच्या प्रती मागा. माझ्या बाबतीत विभागीय कार्यालय म्हणत होते की बिल पणजीला लेखा विभागात आहे. अर्जाच्या उत्तरात दिसले की ते एका शंकेसह चौदा महिन्यांपूर्वी परत आले होते आणि त्याच कार्यालयाच्या कपाटात पडून होते. शंका होती तपासणी अहवालावर तारीख नसल्याची.

आणि एक: पैसे देताना ‘माझे कोणतेही येणे बाकी नाही’ असा छापील दाखला पुढे करतात. व्याज मागायचे असेल तर त्यावर “हक्क राखून” असे लिहूनच सही करा.

४. सूक्ष्म-लघु उद्योग असाल तर कोर्टाआधी हा रस्ता पाहा

माझा हा रस्ता हुकला, कारण पुरवठा केला तेव्हा माझी उद्यम नोंदणी, म्हणजे छोट्या उद्योगांची सरकारी नोंदणी, नव्हती. तुमची असेल तर सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग विकास कायदा, २००६ हे तुमच्या हातातले सर्वांत धारदार हत्यार आहे. सरकारी खातीही त्यातून सुटत नाहीत.

कलम १५ प्रमाणे करारात काहीही लिहिलेले असो, माल स्वीकारल्यापासून ४५ दिवसांच्या पुढे पैसे रोखता येत नाहीत. १५ दिवसांत लेखी हरकत घेतली नाही तर माल पोचला त्या दिवशीच स्वीकारला असे धरतात. त्यानंतर कलम १६ प्रमाणे रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दराने व्याज लागते, तेही दरमहा चक्रवाढ. बँक रेट ६ टक्के धरला तर व्याज १८ टक्के. १० लाखांच्या बिलावर दोन वर्षांत सुमारे ४ लाख २९ हजार. कोर्टाने साधे ६ टक्के दिले तर तेवढ्याच काळाचे होतात १ लाख २० हजार. फरक बघा.

अर्ज ऑनलाइन भरायचा. तो राज्याच्या सुविधा परिषदेकडे जातो. गोव्यात तिचा कारभार उद्योग, व्यापार व वाणिज्य संचालनालयाशी जोडलेला आहे. परिषद आधी तडजोड करून पाहते, ती फसली की लवाद, म्हणजे कोर्टाबाहेर पंचांपुढे निवाडा, होतो. निकाल ९० दिवसांत द्यावा असे कायदा म्हणतो. प्रत्यक्षात त्याहून जास्त वेळ धरून चाला. निकाल तुमच्या बाजूने लागला आणि समोरच्याला तो आव्हान द्यायचा असेल तर आधी ७५ टक्के रक्कम भरावी लागते. या एका अटीपायीच पुष्कळ प्रकरणे मिटतात. करारात वेगळे लवाद कलम असले तरी परिषदेकडे जाता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये सांगितले आहे.

खाचखळगे मात्र आहेत. मध्यम उद्योगांना हे संरक्षण नाही, फक्त सूक्ष्म आणि लघु. घाऊक-किरकोळ व्यापाऱ्यांना २०२१ पासून उद्यम नोंदणी मिळते, पण ती बँकेच्या प्राधान्य कर्जापुरतीच. तेव्हा मडगावहून पाइप विकत घेऊन पुढे पुरवणाऱ्याला इथे दार बंद. बांधकामाच्या म्हणजे वर्क्स कॉन्ट्रॅक्टच्या बिलांना हा कायदा लागू होत नाही, असे मुंबई उच्च न्यायालयाचे काही निकाल आहेत. पुरवठ्यानंतर केलेली नोंदणी मागे जाऊन लागू होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये म्हटले. नोंदणीच्या वेळेचा प्रश्न २०२५ च्या जानेवारीत मोठ्या खंडपीठाकडे गेला आहे. तोवर शहाणपण हेच की निविदा भरण्याआधी नोंदणी करावी. आणि परिषदेकडे गेलो म्हणून तीन वर्षे विसरू नका. महाराष्ट्राच्या वीज मंडळाविरुद्धच्या एका पुरवठादाराच्या प्रकरणात जुलै २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की मुदत कायदा तडजोडीला लागू नसला तरी लवादाला लागू आहे.

५. नोटीस: दोन महिन्यांची

समोर राज्य सरकार असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची नोटीस दिल्याशिवाय आणि दोन महिने थांबल्याशिवाय दावा चालत नाही. नोटीस सरकारच्या सचिवांना किंवा जिल्हाधिकाऱ्यांना द्यायची असते. अभियंत्याला प्रत पाठवा, पण केवळ त्यालाच पाठवून थांबू नका. तुमचे नाव, पत्ता, दाव्याचे कारण आणि नेमकी मागणी तीत हवी. हाती देऊन आवक शिक्का घ्या, शिवाय स्पीड पोस्टाने पाठवा. जुने रजिस्टर पत्र विसरा, ती सेवा १ सप्टेंबर २०२५ पासून स्पीड पोस्टात विलीन झाली आहे.

नोटिशीत व्याजाची मागणी स्पष्ट शब्दांत लिहा. करारात व्याजाचा उल्लेख नसेल तर १९७८ च्या व्याज कायद्याखाली अशा लेखी मागणीच्या तारखेपासून व्याज मिळू शकते. माझ्या पहिल्या, स्वतःच खरडलेल्या पत्रात “लवकरात लवकर सहकार्य करावे” असे होते. व्याज नव्हते, रक्कमही नव्हती.

महामंडळ किंवा कंपनी असेल तर कलम ८० लागत नाही. साधी वकिली नोटीस पुरते. काही संस्थांच्या स्वतःच्या कायद्यात वेगळी नोटीस सांगितलेली असते, तेवढे पाहून घ्या. निविदेत लवाद कलम असेल तर तेही आताच तपासा. नाहीतर दावा लावल्यावर समोरचा त्याच कलमावर बोट ठेवतो आणि तुम्ही पुन्हा पहिल्या पायरीवर.

नोटिशीने संबंध बिघडतील ही भीती प्रत्येकाला असते, मलाही होती. काळ्या यादीत टाकायचे तर आधी कारणे दाखवा नोटीस आणि बाजू मांडायची संधी द्यावी लागते; आपले पैसे मागणे हे त्याचे कारण होऊ शकत नाही. आणि अनुभव असा की पुष्कळ अधिकाऱ्यांना नोटीस हवीच असते. जुने बिल स्वतःच्या सहीने पास केले तर उद्या लेखापरीक्षणात आपणच अडकू, ही त्यांची धास्ती. कोर्टाचा कागद फाइलला लागला की सही करणाऱ्याचा हात मोकळा होतो. माझ्या बाबतीत त्या अभियंत्यानेच जिन्यात गाठून हळूच विचारले होते, “पात्रांव, नोटीस कित्याक दिना?” (साहेब, नोटीस का देत नाही?)

६. मध्यस्थी आणि दावा

मालाच्या पुरवठ्याचा वाद ३ लाख किंवा त्याहून जास्त रकमेचा असेल तर तो व्यावसायिक न्यायालये कायदा, २०१५ खाली येतो. समोर सरकार आहे म्हणून तो व्यावसायिक वाद राहत नाही असे नाही. त्याखालची रक्कम साध्या दिवाणी न्यायालयात.

व्यावसायिक दाव्याआधी कलम १२अ ची मध्यस्थी सक्तीची आहे. तातडीचा अंतरिम आदेश हवा असेल तेव्हाच सूट. ती टाळून लावलेले दावे फेटाळले जावेत, हे सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२२ मध्ये पक्के केले. अर्ज जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे करायचा. तीन महिने, दोन्ही बाजू राजी असतील तर आणखी दोन. समोरचा आलाच नाही तर अपयशाचा अहवाल मिळतो आणि तो घेऊन दावा लावता येतो. माझ्या दोन्ही तारखांना तिकडून कोणी फिरकले नाही.

नोटिशीचा आणि मध्यस्थीचा काळ मुदतीतून वगळला जातो. पण त्या वगळणुकीच्या भरवशावर शेवटच्या आठवड्यात धावू नका. माल दिल्यापासून दोन वर्षे झाली की वकील गाठा.

उत्तर गोव्यात प्रकरण असेल तर मेरशीचे न्यायालय संकुल, दक्षिणेत मडगाव. माल कुठे उतरवला त्यावरही हद्द ठरू शकते, आणि निविदेत एखाद्या ठिकाणचेच न्यायालय ठरवलेले असू शकते. व्यावसायिक दाव्यात सगळी कागदपत्रे वादपत्रासोबतच लावावी लागतात; मागाहून सापडलेला चलनाचा कागद परवानगीशिवाय आत जात नाही. सत्यतेचे निवेदन तुमच्या सहीचे, म्हणून वकिलाने टाइप केलेले वाचल्याशिवाय सही करू नका.

समोरच्याला लेखी जबाब द्यायला ३० दिवस, फार तर १२० दिवस. त्यानंतर तो हक्कच जातो, आणि ही मर्यादा सरकारलाही आहे. जबाबात हमखास येणारा मुद्दा म्हणजे उशिराचा दंड. तुम्ही माल दोन आठवडे उशिरा दिलेला असतो, कारण त्यांनी तपासणीला माणूस उशिरा पाठवलेला असतो. मुदतवाढीचे पत्र त्या वेळी मागितले होते का, यावर हा मुद्दा सुटतो.

देणे लेखी आणि स्पष्ट असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ३७ व्या आदेशाखालचा संक्षिप्त दावा किंवा व्यावसायिक न्यायालयात तोंडी पुराव्याविना निकालाचा अर्ज, हे दोन जवळचे रस्ते वकिलाला जरूर विचारा.

पर्वरीला थेट का जाऊ नये?

हा प्रश्न प्रत्येक जण विचारतो. पर्वरीच्या उच्च न्यायालयात रिट, म्हणजे सरकारला थेट आदेश द्या असा अर्ज, लावून पैसे मागता येतात, पण देणे निर्विवाद असेल तरच. “बिल बरोबर आहे, निधी नाही” असे त्यांचे पत्र हाती असेल तर रिटला जीव असतो. मोजमाप, दर्जा किंवा दंडाचा वाद असेल तर न्यायालय बहुधा दिवाणी दाव्याकडे बोट दाखवते. पुन्हा तेच, सहीचे पत्र. दिवाळखोरीचा धाक सरकारी खात्याला घालता येत नाही. कंपनीरूपी महामंडळाविरुद्धही त्यासाठी थकबाकी किमान १ कोटी लागते.

७. हुकूमनाम्यानंतर

राज्य सरकारविरुद्ध हुकूमनामा, म्हणजे दाव्याच्या निकालाचा आदेश, झाला तरी कलम ८२ प्रमाणे तीन महिने पैसे न दिल्याशिवाय अंमलबजावणीची दरखास्त निघत नाही. त्या तीन महिन्यांत हुकूमनाम्याची प्रमाणित प्रत, बँक तपशील आणि व्याजाचा तारीखवार तक्ता खात्याला, वित्त विभागाला लेखी द्या. अंदाजपत्रकात तरतूद नसेल तर तिथेच ती मागावी लागते. मार्चच्या तोंडावर निधी परत जाण्याआधी पोचलात तर काम पुढे सरकते.

ते अपिलात गेले तर स्थगितीसाठी रक्कम भरायला लावण्याचा आग्रह धरा आणि भरलेली रक्कम हमीवर काढून घ्यायचा अर्ज करा. माझे मुद्दल दावा चालू असतानाच आले. व्याजासाठी मात्र आणखी तारखा घ्याव्या लागल्या.

व्याज हातात पडले की सीएला लगेच सांगा. उशिरा मिळालेल्या किमतीवरचे व्याज जीएसटीच्या मूल्यात धरले जाते आणि कर ते मिळाल्याच्या तारखेला लागू होतो. त्या महिन्याच्या विवरणपत्रात ते दाखवायचे आहे.